सोडलेले डाव

माझ्या बायकोचे मामा ज्याच्याबद्दल काहीच सांगू शकत नाहीत असा माणूस यवतमाळ जिल्ह्यात अजून जन्माला आलेला नाही, आणि आलाच तर त्याच्या बारशाच्या आत ते त्याची पूर्ण माहिती काढतील याची मला खात्री आहे. एसटीत शेजारी बसलेल्या माणसाचं तिकीट कंडक्टर देत असतो, तेवढ्या वेळात मामाजींनी त्याचं गाव, गावातलं घर कोणत्या बाजूला, घरातली सून कुठली आणि तिच्या माहेरचं कोण आपल्या ओळखीचं, इथवर मजल मारलेली असते. हा भोचकपणा नव्हे असं मी म्हणणार नाही. भोचकपणाच आहे, पण त्याच्या मागे एक अपार माया आहे. अनोळखी माणूस हा प्रकारच त्यांना सहन होत नाही. एकदा एक गृहस्थ त्यांच्या प्रश्नांना कंटाळून एक थांबा आधीच उतरले, तर मामाजी खिडकीतून डोकं बाहेर काढून म्हणाले, "इथी कायले उतरले? तुमची आत्या तं पुढच्या गावात देल्ली आहे." गृहस्थ मुकाट्यानं पुन्हा चढले.

नात्यात कुणाच्या मुलीला स्थळ आलं की चौकशीला मामाजींना पाठवायचं, हा आमच्याकडचा शिरस्ता. त्यांची चौकशी करण्याची पद्धत स्वतंत्र होती. ते मुलाच्या घरी कधी जात नसत. ते मुलगा जिथे काम करतो तिथे गिऱ्हाईक होऊन जात. माझं यवतमाळला चष्म्याचं दुकान आहे. लग्नाआधी एका दुपारी एक गृहस्थ डोळे तपासायला आले आणि समोरच्या पाटीवरची अक्षरं चुकीची वाचू लागले. मी भिंग बदललं, त्यांनी पुन्हा चुकीची वाचली. मी पुन्हा बदललं. सगळ्यात वरचं भलंमोठं अक्षरसुद्धा त्यांना दिसेना तेव्हा मला घाम फुटला, मी त्यांना पाणी दिलं, पंखा त्यांच्याकडे वळवला आणि नागपूरच्या मोठ्या डॉक्टरांचा पत्ता लिहून दिला. गृहस्थ उठले, रस्त्यापलीकडच्या पानठेल्यावरची बारीक अक्षरांतली पाटी मोठ्यानं वाचली आणि निघून गेले. घरी जाऊन त्यांनी निकाल दिला, "पोरगा चिडत नाही. दुकान लहान आहे, पण दुकान वाढते. चिडका माणूस सुधरत नाही." माझा संसार असा त्या खोट्या आंधळेपणावर उभा आहे. पुढे त्यांना खरंच चष्मा लागला आणि तो मीच करून दिला, पण त्या वेळी ते पाटीवरचं काय खरं वाचत होते आणि काय नाही, हे मला अजूनही कळलेलं नाही.

कळंबच्या तहसील कचेरीत त्यांची सगळी नोकरी गेली. शेवटची बरीच वर्षं त्यांच्याकडे कर्मचाऱ्यांच्या रजेच्या अर्जांचं काम होतं, आणि तिथे तर त्यांच्या विद्येला पालवी फुटली. कुणाचा अर्ज आला की ते नाव वाचत नसत, तारखा वाचत नसत. सरळ कारणाच्या रकान्यावर बोट ठेवत. "अर्ज सगळ्यायचे सारखेच असते, जवाईबापू," ते मला सांगायचे, "माणूस कारणात सापडते." एका शिपायानं आजोबा वारल्याचं कारण दुसऱ्यांदा लिहिलं तेव्हा मामाजींनी रजा मंजूर करायला लावली आणि त्याला बाजूला घेऊन विचारलं, "बायको माहेरी गेली का रे?" ती खरंच गेली होती.

असा माणूस निवृत्त झाल्यावर घरात बसून काय करणार? सुरुवातीला ते रोज चिंतामणीच्या देवळात जायचे. कळंबचा गणपती जमिनीच्या पातळीखाली आहे, पायऱ्या उतरून जावं लागतं. मामाजी वरच्याच पायरीवर बसायचे, म्हणजे उतरणारा आणि चढणारा दोन्ही सापडतो. पण देवाला येणारी माणसं घाईत असतात आणि मामाजींचे प्रश्न लांब. त्याच सुमारास आमच्याकडे दोन गोष्टी बरोबरीनं आल्या. कपाशीवर गुलाबी बोंडअळी आली आणि मोबाइलवर जवळपास फुकट इंटरनेट आलं. अळीनं लोकांची झोप घेतली आणि इंटरनेटनं मामाजींना बाहेरचं जग दिलं. त्यांच्या मुलीनं, शुभदानं, वडिलांचा वेळ जावा म्हणून त्यांच्या फोनवर कॅरमचा खेळ टाकून दिला. तरुणपणी मामाजी कचेरीच्या क्लबात कॅरम खेळायचे आणि त्यांचा कट म्हणे पाहण्यासारखा होता. बिचारीला वाटलं, बाबा खेळतील.

बाबा खेळले नाहीत. पहिल्याच दिवशी त्यांना असा शोध लागला की समोरच्या खेळाडूच्या फोटोवर बोट ठेवलं की त्याची सगळी माहिती उघडते. नाव, देश, किती डाव खेळला, किती जिंकला, किती हरला, सलग किती जिंकला, कोणता स्ट्रायकर वापरतो. मामाजी हरखून गेले. उभ्या आयुष्यात त्यांना माणसाकडून जे गोडीगुलाबीनं, आडून आडून काढावं लागलं, ते इथे त्याच्या डोक्यावर छापून ठेवलेलं होतं. अडचण एवढीच होती की खेळीला वेळ ठरलेली असते. फोटोभोवती एक हिरवी रेघ फिरते, ती संपली की तुमची पाळी गेली, आणि खेळ बंद करून गेलेला असाल तर डावच सोडला असं धरतात. मामाजी चष्मा सरसावून समोरच्याची माहिती वाचत असायचे आणि इकडे त्यांच्या पाळ्यांमागून पाळ्या जायच्या. ते बहुतेक डाव स्ट्रायकरला बोट न लावता हरत. त्याची त्यांना खंत नव्हती. "हरलो, पण माणूस समजला," म्हणत आणि दुसरा माणूस उघडत.

मग मामींना माहिती पुरवणं सुरू व्हायचं. मामी तुरीची डाळ निवडत बसलेल्या आणि मामाजी झोपाळ्यावर. "हा एक भेटला. डाव लय खेळला, जिंकला कमी. पण खेळतच राह्यला पाह्य. हिंमतवाला आहे." मामी विचारायच्या, "कुठचा म्हंता?" मामाजी चष्मा वर करून म्हणायचे, "ब्राझिलचा." एखाद्याचं जिंकण्याचं प्रमाण फारच चांगलं असलं तर त्यांना ते आवडत नसे. "हा कच्चे गडी पाहून खेळते." एखाद्याकडे महागडा सोनेरी स्ट्रायकर आणि जिंकलेले डाव जेमतेम, तर लगेच, "बापाची कमाई दिसते." एक जण दिवसरात्र खेळत असल्याचं दिसलं तेव्हा त्यांना त्याच्या बायकोची काळजी लागली, आणि तो अविवाहित असेल तर त्याच्या आईची. स्वतःबद्दल मात्र त्यांनी त्या खेळात काडीचं काही कळू दिलं नाही. नाव लिहिलं नुसतं कळंबकर, आणि फोटोच्या जागी परसातल्या जास्वंदीचं फूल. मी एकदा म्हटलं, "मामाजी, हे काही बरोबर नाही, समोरच्यालाही तुमची माहिती पाहिजे." तर म्हणाले, "त्यानं माह्यी चौकशी कराची असन तं कळंबले यावं. च्या पाजतो."

या सगळ्या माहितीत त्यांचा जीव एकाच ओळीवर होता. सगळ्यात शेवटची ओळ. किती डाव अर्ध्यात सोडले. मामाजी तिला सोडलेले डाव म्हणायचे. बाकीचे आकडे ते गमतीनं वाचत, हा आकडा वाचताना त्यांचा चेहरा बदलायचा. कुणी हरायला लागल्यावर खेळ बंद करून पळून गेला की ते दिवसभर चिडचिडत. "हरनं-जितनं होत राह्यते. उठून कायले जाता? बसा ना शेवटपर्यंत." मला तेव्हा हे नुसतं तऱ्हेवाईकपणाचं वाटायचं. आतून काय आहे ते शुभदाचं स्थळ आलं तेव्हा कळलं.

शुभदा शेतकी शिकलेली. यवतमाळला माती तपासण्याच्या प्रयोगशाळेत कामाला. रोज कळंबहून जाऊन येऊन. तिला बोरी अरबचं स्थळ आलं. मुलगा निखिल, तोही शेतकी शिकलेला, पण नोकरीच्या मागे न लागता घरच्या कपाशी आणि तुरीकडे परत गेलेला. त्या वर्षांत शेती करणाऱ्या मुलाला मुलगी मिळणं किती कठीण झालं होतं ते आमच्याकडच्या कुणालाही विचारा. आणि आमचं घराणं पिढ्यानपिढ्या कचेऱ्यांतलं, आम्हाला कपाशीची पऱ्हाटी दिसते ती एसटीच्या खिडकीतून. नातेवाइकांनी नाकं मुरडली. पण मुलगा पाहून गेला, दोघं अंगणात अर्धा तास बोलली आणि शुभदानं आत येऊन शांतपणे सांगितलं, "मले पसंत आहे." मामींनी माझ्या बायकोला फोन करून सांगितलं की पोरीचा चेहरा असा उजळलेला त्यांनी कधी पाहिला नव्हता.

मामाजी म्हणाले, चौकशी करू. आमच्या जिल्ह्याचं नाव तेव्हा वर्तमानपत्रात कशासाठी यायचं ते सगळ्यांना ठाऊक आहे. कापसाच्या घरात मुलगी द्यायची म्हटलं की बापाला एक भीती वाटायची आणि ती कुणी तोंडानं बोलत नसे. शेत किती, विहिरीला पाणी किती, घरात माणसं किती, हे सगळं विचारून व्हायचं. खरं विचारायचं असायचं ते वेगळंच. सगळं एकदम अंगावर आलं तर हा माणूस टिकून राहील का? हे कुणाला विचारणार? आणि कोण उत्तर देणार? मामाजी या एका प्रश्नापाशी अडले होते. एवढ्यात शुभदा सहज बोलून गेली की निखिलही मोबाइलवर कॅरम खेळतो. तिनं हौसेनं त्याचं खेळातलं नावही सांगितलं. सासरा-जावयाची दोस्ती होईल असं तिच्या मनात होतं.

मामाजींनी चष्मा पुसला आणि नाव शोधलं. डाव बरे खेळलेला होता. जिंकण्याचं प्रमाणही चांगलं. आणि शेवटच्या ओळीत आकडा असा, की मामाजींनी ब्राझिलपासून बाभूळगावापर्यंत कुणाचा पाहिला नव्हता. जवळजवळ निम्मे डाव अर्ध्यात सोडलेले. त्यांनी फोन उपडा ठेवला आणि म्हणाले, "नाही जमत."

घरात जे व्हायचं ते झालं. मामी म्हणाल्या, "तो मोबाइल नेऊन विहिरीत टाका." शुभदा भांडली नाही. ती एवढंच म्हणाली, "बाबा, एका खेळावरून?" मामाजी म्हणाले, "हरणाऱ्याले मी पोरगी देईन, शुभा. उठून जाणाऱ्याले कसा देऊ?" त्यावर ती त्यांच्यासमोर येऊन उभी राहिली. "तुम्ही त्याले विचारलं का, काहून उठून जाते?" ब्रह्मांडातल्या कुणालाही काहीही विचारणारा हा माणूस खाली मान घालून म्हणाला, "अशी गोष्ट विचाराची असते का?" शुभदा म्हणाली, "मी नाही विचारणार. शंका तुमची आहे, तुम्ही विचारा." त्या दिवसापासून तिनं जेवणाचं ताट घेऊन मागच्या ओट्यावर बसायला सुरुवात केली. बोलणं सगळं नीट, हवं-नको विचारणं नीट, फक्त ताट बाहेर. मामाजींचं ताट रोज अर्धं राहू लागलं.

आठवड्यानं ते पहिल्या गाडीनं यवतमाळला माझ्या दुकानात हजर झाले. दुकानाचं शटर मी अर्धंच उघडलं होतं, ते वाकून आत आले. "जवाईबापू, घोटाळा झाला," म्हणाले. न राहवून त्यांनी दोन दिवसांपूर्वी निखिलला खेळायला बोलावलं होतं, जास्वंदीच्या फुलामागे लपून. आयुष्यात पहिल्यांदा ते मन लावून खेळले, आणि तरी पोरगा त्यांना भारी पडला. राणी घेतली, तिच्यावर सोंगटीही घातली, एक सोंगटी उरली होती आणि तीही भोकाच्या तोंडाशी. "मले फुंकर मारून घालता आली असती," मामाजी म्हणाले, "आन् गेला. उठून गेला. हरून राह्यला असता तं समजलो असतो. जिंकून राह्यला होता, जवाईबापू. जिंकता जिंकता कोण जाते?" खेळानं मामाजींनाच विजयी ठरवलं होतं आणि त्याची बक्षिसाची नाणी त्यांना बोचत होती. त्यांची मोठी पंचाईत झाली होती. त्यांच्या हिशेबात पळपुटा हा हरणारा असतो. जिंकणारा पळपुटा त्यांनी पाहिला नव्हता. "चौकशी अर्धी राह्यली," म्हणून त्यांनी शटर स्वतःच खाली ओढलं आणि मला मोटारसायकल काढायला लावली.

थंडीचे दिवस होते. दारव्हा रस्त्यानं दोन्हीकडे कपाशी उभी, काही शेतांत वेचणी चालू, काही शेतांत अळीनं खाल्लेली बोंडं तशीच काळी पडलेली. मामाजी मागे बसून एरवी प्रत्येक वावराचा मालक सांगत येतात, त्या दिवशी बोरी किती राहिलं एवढंच विचारत होते. बोरी अरबला निखिलच्या आईनं ओळखलं आणि ती गडबडली, नकार कळवलेल्या घरचा बाप दारात बघून कोण गडबडणार नाही. तरी म्हणाली, "बसा जी. मी च्या मांडतो. पोरगा वावरात हाय, विहिरीवर असन." मामाजी म्हणाले, "च्या मागून घेतो," आणि चालू लागले. मी मागे.

धुऱ्याधुऱ्यानं, बांधावरून, आम्ही गेलो. तूर डोक्याएवढी वाढलेली, पिवळ्या फुलांवर आलेली. तिच्यापलीकडे विहीर दिसली आणि विहिरीच्या काठावर बसलेला निखिल दिसला. दुपट्टा खांद्यावर, हातात मोबाइल. मामाजी थबकले. त्यांनी मला दंडाला धरून तुरीत ओढलं, मटकन खाली बसले आणि खिशातून फोन काढला. मी म्हटलं, "मामाजी, हे काय?" ते म्हणाले, "चूप बसा." त्यांनी निखिलला डाव खेळायला बोलावलं. पलीकडे विहिरीवर त्याचा फोन वाजला तो आम्हाला ऐकू आला. डाव सुरू झाला.

एक निवृत्त सरकारी नोकर आणि एक प्रतिष्ठित चष्मेवाला दुसऱ्याच्या तुरीत उकिडवे बसून कॅरम खेळताहेत, हे जर कुणी पाहिलं असतं तर पोलीस पाटलाला आम्ही काय सांगितलं असतं, याच विचारात मी होतो. मामाजींच्या टकलावर तुरीची फुलं पडत होती, एक माशी चष्म्यावर बसली होती, ती त्यांनी हाकलली नाही. पानांतून एक डोळा निखिलवर, एक डोळा फोनवर. निखिल पुढे होता. चांगला पुढे होता. आणि तेवढ्यात शेजारच्या वावरातून कुणीतरी ओरडलं, "लाइन आली रे!"

निखिलनं मान वर केली, खेळ बंद केला, फोन दुपट्ट्यात गुंडाळून काठावर ठेवला आणि तो मोटारीच्या विजेच्या पेटीकडे असा पळाला की मला वाटलं कुठे आग लागली. खटका दाबल्याचा आवाज आला, मग मोटार घुमली, मग पाइपातून पाणी आलं, आणि तो फावडं घेऊन हरभऱ्याच्या वाफ्यांकडे गेला. आमच्या हातातल्या फोनवर हिरवी रेघ फिरत फिरत संपली आणि अक्षरं आली, समोरचा खेळाडू डाव सोडून गेला. मामाजी जिंकले होते.

मामाजी तुरीतून उभे राहिले. निखिलनं आधी रानडुक्कर समजून फावडं उचललं, मग ओळखलं. "काका? तुमी? तुरीत काय करून राह्यले?" मामाजी म्हणाले, "डाव." मग फोन दाखवला. निखिल एकदा त्या जास्वंदीकडे आणि एकदा मामाजींकडे बघत राहिला, आणि मग त्याला हसू आवरेना. "ते कळंबकर तुमी होय? मले वाटलं, कोनी शाळेतली पोरगी असन. फुलाचा फोटो होता ना."

मामाजी हसले नाहीत. त्यांनी शेवटी तो प्रश्न विचारला. "काहून उठून जातो रे तू?" निखिलला प्रश्नच कळला नाही. त्यानं मोटारीकडे हात केला. "लाइन आलती ना, काका. तिचा काई भरोसा नाई. आली का पयले पानी. गेली म्हंजे मंग गेली. तवरोक इथी बसून वाट पाहा लागते, आन् रेंजबी याच काठावर भेटते. म्हनून खेळतो." मामाजी म्हणाले, "परवाच्या दिवशी एक सोंगटी राह्यली होती तुही. राणी घेतलती. जिंकून राह्यला होता तू." निखिल पाण्याच्या दांडात उभा राहून जरा आठवू लागला. "जिंकत होतो का? मले नाई ध्यानात. पन त्या दिवशी तीन तास लाइन राह्यली, पूर्न हरभरा ओला झाला."

चहा घेतला, पोहे खाल्ले. परत येताना लाडखेडच्या पुढे मामाजींनी माझ्या खांद्यावर थोपटलं आणि गाडी थांबवायला लावली. कडेला उतरले, चष्मा काढला आणि पुसत राहिले. त्यांचे डोळे भरून आले होते. मी दुसरीकडे पाहिलं. "जवाईबापू," ते म्हणाले, "त्या खेळवाल्यायनं सगळं लिहिलं. कारणाचा रकाना नाही ठेवला. आन् मी जल्मभर कारण पाहणारा माणूस, मले समजलं नाही." रात्री कळंबला त्यांनी आपलं ताट उचललं आणि ओट्यावर शुभदाच्या शेजारी जाऊन बसले, असं मामींनी सांगितलं. काय बोलले ते मामींना ऐकू आलं नाही, पण पोरगी आधी रडली आणि मग तुरीचं ऐकून ठसका लागेस्तोवर हसली.

लग्न झालं. बोंडअळी गेली नाही. शुभदाच्या पहिल्याच हंगामात बोंडं फोडली की आत अळी निघायची. दोघांनी मिळून कपाशी वेळेआधीच उपटली आणि हरभरा पेरला, पुढच्या वर्षी तूर वाढवली. ती आता स्वतःच्या वावरातली माती तपासते. सोपं काहीच नाही तिथे आणि मामाजींची भीतीही कुठे गेलेली नाही. जावई टिकणारा आहे हे कळलं म्हणून बापाची भीती जात नसते. ती फक्त आता फोनची वाट बघत बसते. शुभदाचा फोन येतो, पण त्याला ठरलेली वेळ नाही. बोरी अरबची लाइन गेली आणि मोटार थांबली की ती त्याच विहिरीच्या काठावर येऊन बसते आणि कळंबला फोन लावते. तो सकाळी येईल, भर दुपारी येईल. मामाजी त्या वेळी कॅरम खेळत असतात. जिंकत असोत, हरत असोत, फोन वाजला की खेळ तिथेच बंद होतो.

त्यामुळे झालं असं की ज्या ओळीसाठी त्यांनी जगाला नावं ठेवली, ती त्यांची स्वतःची ओळ आता कुणाला दाखवण्यासारखी राहिलेली नाही. कुणी अनोळखी खेळाडू चौकशीखोर निघाला तर कळंबकर या इसमाशी खेळायचं नाही असंच ठरवील. जावईच त्यांना चिडवतो, "मामाजी, तुमच्यासंगं खेळाचं म्हंजे भरोसा नाई." मामाजी त्यावर गालात हसतात. आता त्यांच्या एका डोळ्यात मोतीबिंदू आला आहे, समोरच्याच्या फोटोवर बोट ठेवून बारीक अक्षरं वाचणं त्यांनी जवळजवळ सोडलं आहे. मी मोठा चष्मा करून देतो म्हटलं तर नको म्हणाले. परवा त्यांच्या शेजारी बसलो होतो तेव्हा ब्राझिलचा एक गडी अर्ध्या डावातून निघून गेला. पूर्वी त्यांनी त्याचा उद्धार केला असता. ते हलकेच म्हणाले, "लाइन आली असन त्याची."

हल्ली दुकानात गिऱ्हाईक नसलं की मीही हा खेळ उघडतो आणि मामाजींना खेळायला बोलावतो. खरं सांगायचं तर खेळण्यासाठी नव्हेच. त्या जास्वंदीच्या फुलावर बोट ठेवून मी शेवटची ओळ पाहतो. गेल्या पावसाळ्यात तो आकडा कितीतरी दिवस जागचा हलला नाही. माझं कामात लक्ष लागेना, एका बाईंना मी त्यांच्या नवऱ्याचा चष्मा देऊन बसलो. शेवटी कळंबला फोन केला तर मामाजी म्हणाले, "बोरीचा टॉवर बंद आहे म्हंते." म्हणाले असे की जणू काही विशेष नाही, पण आवाज त्यांचा नव्हता. त्यानंतरही मी रोज बघत होतो.

मग एका दुपारी आमचा डाव चालू होता. राणी त्यांच्याकडे, एक सोंगटी उरलेली आणि ती भोकाच्या तोंडाशी, माझी हार ठरलेली. मामाजींची पाळी होती. हिरवी रेघ फिरू लागली, फिरत फिरत संपली, आणि माझ्या फोनवर अक्षरं आली की समोरचा खेळाडू डाव सोडून गेला. मी घाईघाईनं जास्वंद उघडली. आकडा एकानं वाढला होता. दुकानात मी एकटाच होतो, तरी मोठ्यानं म्हणालो, बोला मामाजी, निवांत बोला.